कोकणाचं नाव लावणारी खडपातली गोगलगाय आणि जहाजाच्या तळाचा रंग

वास्कोच्या दोन विद्यार्थिनींनी विचारलं आहे: "बायण्याच्या बाजूला खडपावर, कालवं आणि बार्नेकल यांच्या मधे, तपकिरी गाठीगाठींच्या कवचाची एक छोटी समुद्री गोगलगाय सापडते. ही कोणती? काय खाते? बंदराजवळच्या गोगलगायींच्या माद्यांना नराचं इंद्रिय फुटतं असं वर्गात ऐकलं, ते खरं का? आणि यावर एमएस्सीचा छोटा प्रकल्प करता येईल का?"

मुलींनो, ऐकलंत ते खरं आहे. प्रकल्पही करता येईल, पण एका चुकीपासून तुम्हाला आधीच सावध करायचं आहे, कारण ती मी स्वतः केलेली आहे. त्याआधी गोगलगाय नीट ओळखू या. ओळख चुकली तर पुढचं सगळं काम वाया जातं.

गोव्यात प्राणिशास्त्र शिकवताना मी मुलांना घेऊन सुकतीच्या, म्हणजे ओहोटीच्या, वेळी खडपात उतरत आले. खडपात शिरताना माझा नियम एकच: वरून खाली यायचं आणि प्रत्येक पट्ट्यात थांबायचं. सगळ्यात वर, जिथे उधाणाच्या लाटांचा फक्त शिंतोडा पोचतो, तिथे वाटाण्याहून लहान लिटोरिनिड गोगलगायी दिसतात. भर दुपारी त्या मेल्यासारख्या वाटतात. पाय आत ओढलेला, झाकण बंद, आणि कवचाची कड सुकलेल्या चिकट स्रावाने खडकाला डकवलेली. तापलेल्या दगडाशी अंग लागू नये म्हणून त्यांनी केलेली ही सोय आहे. त्यांच्या खाली नेरिटा, गोलसर, अर्धचंद्रासारख्या तोंडाच्या. त्याच उंचीला, भेगांमध्ये आणि दगडांच्या सावलीच्या बाजूला प्लॅनॅक्सिस सल्केटस शेकड्यांनी गोळा झालेला असतो. हे सगळे खडकावरचा शेवाळाचा पातळ थर खरवडून खाणारे. त्याखाली बार्नेकल, म्हणजे खडकाला कायमचे चिकटून राहणारे छोटे कवचधारी जीव, आणि कालवं यांचा पट्टा सुरू होतो. चप्पल घसरली की पाय कापतो, तो हाच. तुमची गोगलगाय या पट्ट्यात सापडते, आणि तिथे तिने असणं हीच तिची अर्धी ओळख आहे. ती शेवाळ खात नाही, शिकार करते.

आता कवच हातात घ्या. लांबी साधारण 2 ते अडीच सेंटिमीटर. वेटोळ्यांवर ओळीने बसलेल्या गाठी. तोंडाच्या खालच्या टोकाला एक आखूड पन्हळ. बाहेरच्या ओठाच्या आतल्या बाजूला बारीक दातांसारखे उंचवटे. ती पन्हळ म्हणजे तिच्या नळीची जागा. नळी पुढे काढून ती पाणी ओढते आणि त्या पाण्याच्या वासावरून भक्ष्य कुठे आहे ते शोधते. शेवाळ खाणाऱ्या नेरिटाला किंवा ट्रोकसला अशी पन्हळ लागत नाही, त्यांच्या तोंडाची कड अखंड असते. इथे एक खबरदारी घ्या. प्लॅनॅक्सिसलाही तोंडाच्या टोकाशी छोटी खाच असते, त्यामुळे नुसत्या खाचेवरून निकाल देऊ नका. प्लॅनॅक्सिसच्या कवचावर गाठी नसतात, समांतर खोल चर असतात. सल्केटस या नावाचा अर्थच चर असलेला.

तुमच्या वर्णनावरून ही सेमिरिसिन्युला कोंकणेन्सिस असावी. म्युरिसिडी कुळातली, म्हणजे शिंपल्यांना भोकं पाडून खाणाऱ्यांच्या घराण्यातली. जेम्स कॉस्मो मेलव्हिल या इंग्रज अभ्यासकाने 1893 मध्ये तिचं वर्णन प्रसिद्ध केलं आणि नावात आपलं कोकण घातलं. पुढे बराच काळ ती क्रोनिया कोंकणेन्सिस या नावाने ओळखली गेली. जुने शोधनिबंध शोधताना दोन्ही नावांनी शोधा, नाहीतर गोव्यातलंच सगळ्यात महत्त्वाचं काम तुमच्या नजरेतून सुटेल. या कुळातल्या कोवळ्या आणि झिजलेल्या कवचांवर भल्याभल्यांची गफलत होते, म्हणून पहिल्या दहा-बारा नमुन्यांची ओळख जाणकाराकडून पक्की करून घ्या. दोनापावलची राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्था तुमच्यापासून झुवारीपलीकडे, फार लांब नाही.

ती काय खाते, हे मला पुस्तकाआधी एका कालवं फोडणाऱ्या बाईने शिकवलं. सुकतीला ती खडकावर उकिडवी बसून लोखंडी आकड्याने कालवाचा वरचा शिंपला उचकटत होती. एक शिंपला उघडला तर आत काहीच नाही, नुसता पांढरा मोती-रंग. तिने तो माझ्याकडे टाकला आणि म्हणाली, "हें कालव कोणें तरी आदींच खाल्लां." शिंपला उजेडात धरला तर टाचणीच्या डोक्याएवढं गोल भोक, सुताराने गिरमिटाने पाडावं तसं सरळ, स्वच्छ कडांचं. ते भोक अशा गोगलगायीचं काम असतं. तिच्या तोंडात किसणीसारखी दातेरी पट्टी असते, तिला रॅड्युला म्हणतात. पायाच्या तळाशी एक खास अवयव असतो, तो शिंपल्यावर आम्लधर्मी स्राव सोडून चुनखडी मऊ करतो. थोडा वेळ स्राव, मग थोडा वेळ खरवडणं, पुन्हा स्राव. पातळ शिंपल्याला काही तास पुरतात, जाड कालवाला दिवस लागतात. भोक पडलं की त्यातून सोंड आत घालून ती मांस खाते. बार्नेकलला बहुतेक वेळा भोकाचीही गरज पडत नाही, झाकणाच्या फटीतून काम होतं.

एक गोष्ट वाळूत सापडणाऱ्या शिंपल्यांबद्दल. मिरामारच्या किंवा कोलव्याच्या पुळणीवर भोक पडलेले शिंपले मिळतात, त्यांचा मारेकरी बहुधा वेगळा असतो. वाळूत राहणारी नॅटिसिड कुळातली गोगलगाय भोक पाडते तेव्हा त्याची बाहेरची कड पसरट, उतरती असते, स्क्रूचं डोकं बसवायला लाकूड कोरतात तशी. खडपातल्या म्युरिसिडचं भोक जास्त सरळ असतं. भिंग हातात असेल तर हा फरक एकदा बघितल्यावर विसरत नाही.

याच कुळाने जगाला जांभळा रंग दिला. भूमध्य समुद्राच्या किनाऱ्यावर राजवस्त्रांसाठी वापरलेला तो रंग म्युरिसिड गोगलगायींच्या एका ग्रंथीतून यायचा. 1909 मध्ये पॉल फ्रीडलेंडर यांनी 12,000 गोगलगायींपासून जेमतेम 1.4 ग्रॅम रंग काढून त्याची रासायनिक रचना ठरवली. तुम्ही विच्छेदन कराल तेव्हा बोटाला लागलेला फिकट पिवळसर स्राव उजेडात हिरवट आणि मग जांभळट होत गेला, आणि लसणासारखा उग्र वास आला, तर घाबरू नका. कपड्याला मात्र लावून घेऊ नका, तो डाग जात नाही.

आता मुख्य प्रश्नाकडे. 1970 मध्ये इंग्लंडमधल्या प्लिमथच्या आसपास न्युसेला लॅपिलस या खडकाळ किनाऱ्यावरच्या म्युरिसिड गोगलगायीत माद्यांच्या उजव्या स्पर्शिकेमागे नराच्या शिश्नासारखा अवयव वाढलेला आढळला. अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर चिखलात राहणाऱ्या वेगळ्याच जातीत हेच दिसलं आणि 1971 मध्ये या स्थितीला इम्पोसेक्स हे नाव मिळालं. मादीवर नराचं लिंग लादलं गेलेलं, असा त्याचा अर्थ. होड्यांच्या धक्क्याजवळ हा प्रकार जास्त आणि मोकळ्या किनाऱ्यावर कमी, यावरून संशय होड्यांवर गेला. 1981 पर्यंत कारण हाती आलं: ट्रायब्युटिल टिन, म्हणजे कथिलाचं एक सेंद्रिय संयुग. जहाजाच्या तळाला बार्नेकल, शेवाळ, शिंपले चिकटू नयेत म्हणून लावायच्या रंगात ते घातलेलं असायचं.

तो रंग लावणाऱ्यांना दोष देण्याआधी त्यांची अडचणही समजून घ्या. मच्छीमाराच्या होडीला वा बार्जला तळाशी बार्नेकल चढले की वेग मंदावतो आणि डिझेल जास्त जळतं. आपल्याकडे लाकडी होड्यांना काजूच्या टरफलांचं तेल चोपडायची पद्धत होती, त्यामागे लाकूड टिकावं हाच हेतू. कथिलाच्या रंगाने मोठ्या जहाजांचा हा प्रश्न अनेक वर्षांसाठी सोडवला. रंगाचा थर पाण्यात हळूहळू झिजत राहायचा आणि प्रत्येक क्षणी ताजं विष बाहेर सोडायचा. कंपन्यांना हवं होतं तेच मिळालं. विष तळापाशी थांबत नाही, पाण्यात जातं, याचा हिशेब मात्र कोणी केला नव्हता.

आणि ते विष किती लागतं? एका लिटर पाण्यात एक नॅनोग्रॅमच्या आसपास प्रमाण असलं तरी न्युसेलाच्या माद्यांमध्ये बदल सुरू होतात. नॅनोग्रॅम म्हणजे ग्रॅमचा अब्जावा भाग. 25 लाख लिटरचा मोठा पोहण्याचा तलाव डोळ्यांपुढे आणा. त्यात हे प्रमाण यायला अडीच मिलिग्रॅम पुरतं. तांदळाचा एक दाणा साधारण 20 मिलिग्रॅमचा असतो, म्हणजे त्याचा आठवा हिस्सा. इतक्या कमी प्रमाणातलं विष पाण्याच्या बाटलीत मोजायला महागडं यंत्र आणि कसलेला हात लागतो. गोगलगाय ते आपल्या अंगात मोजून ठेवते. म्हणूनच जगभर बंदरांची तपासणी तिच्यामार्फत होत आली.

हे घडतं कसं, यावर बराच काळ वाद होता. आधी वाटलं, नराच्या संप्रेरकांचं प्रमाण वाढतं. 2004 मध्ये जपानी संशोधकांनी दाखवून दिलं की ट्रायब्युटिल टिन पेशीतल्या रेटिनॉइड एक्स नावाच्या ग्राहक-प्रथिनाला (रिसेप्टरला) जाऊन चिकटतं. जीवनसत्त्व अ-च्या कुटुंबातला एक रेणू जिथे बसायचा, तिथेच हे बसतं आणि चुकीचा हुकूम सोडतं. विषाशिवाय नुसता तो रेणू टोचला तरी माद्यांना शिश्न फुटलं, तेव्हा संशय मिटला.

शिश्न फुटणं हा शेवट नसतो. त्यासोबत शुक्रवाहिनीही वाढत जाते आणि मादीच्या जननछिद्रावरून पुढे सरकून ते बुजवून टाकते. मग अंड्यांच्या कुप्या तयार होतात, पण बाहेर पडत नाहीत, आतच साठून काळवंडतात. मादी जिवंत असते, खाते, भोकं पाडते, आणि तिला पिल्लं होत नाहीत. इंग्लंडच्या काही किनाऱ्यांवरून न्युसेला अशीच नाहीशी झाली. फ्रान्सच्या आर्काशों उपसागरात याच रंगाने कालवांच्या शिंपल्यांची वाढ बिघडवली आणि कालवांचा धंदा बसला, तेव्हा 1982 मध्ये फ्रान्सने 25 मीटरपेक्षा लहान होड्यांना हा रंग बंद केला. इंग्लंडने 1987 मध्ये. आंतरराष्ट्रीय सागरी संघटनेचा करार 2001 मध्ये झाला आणि तो 17 सप्टेंबर 2008 ला अमलात आला. गोगलगायीने दाखवून दिल्यापासून जगाने हात मागे घेईपर्यंत मधे 38 वर्षं गेली.

गोव्याची नोंद तुमच्याच बंदराची आहे. दोनापावलच्या संस्थेतल्या संशोधकांनी 1999 मध्ये क्रोनिया कोंकणेन्सिसमधल्या इम्पोसेक्सची भारतीय पाण्यातली नोंद प्रसिद्ध केली, आणि त्यात मार्मागोवा बंदराच्या परिसराचा अभ्यास होता. म्हणजे तुम्ही बायण्याच्या खडपावर जी उचलताय, तिच्या जातीवर काम आधीच झालेलं आहे. तुम्हाला नव्याने सुरुवात करायची नाही. तेव्हापासून परिस्थितीत काय फरक पडला, हा प्रश्न तुमचा. एमएस्सीच्या प्रकल्पाला एवढं पुरेसं आहे.

आता ती चूक. एका वर्षी मी एका धक्क्याजवळच्या खडपावरून नमुने आणले. धक्क्याचं नाव सांगत नाही, कारण पुढे सांगते ते धक्क्याबद्दल नसून माझ्याबद्दल आहे. प्रत्येक गोगलगाय उघडायची, उजव्या स्पर्शिकेमागे शिश्न आहे का बघायचं, असेल तर नर, नसेल तर मादी, अशी वहीत नोंद करत गेले. संध्याकाळी पाहिलं तर जवळजवळ सगळ्या रकान्यांत नर. मला वाटलं इथे माद्या कमीच असतील, दुसऱ्या खडपावर गेल्या असतील. आठ दिवस मी त्याच समजुतीत होते. मग एका नमुन्याचं अंग पुन्हा बशीत ठेवलं आणि आवरणपोकळी पुढून मागे उघडली. आत मलईच्या रंगाची, फुगीर, लांबट ग्रंथी पसरलेली होती. अंड्यांच्या कुप्या बनवणारी ग्रंथी, ती फक्त मादीतच असते. स्पर्शिकेमागे शिश्न आणि आत कुप्यांची ग्रंथी, दोन्ही एकाच अंगात. बरणीतले बाकीचे नमुने एकेक करून काढले. त्यातले कित्येक "नर" मादी निघाले. माझ्या वहीत त्या आजारी खडपाची नोंद "नर जास्त" अशी झाली होती, आणि ती तशीच पुढे गेली असती.

म्हणून लिंग ठरवताना आधी आत बघा, मग बाहेर. कुप्यांची ग्रंथी आहे का, तिच्या मागे तपकिरी रंगाचा छोटा पुंज, म्हणजे शुक्रपेशी पचवणारी ग्रंथी, दिसते का? या दोन दिसल्या तर ती मादी, मग बाहेर काहीही असो. या दोन्ही नसतील आणि मागच्या बाजूला पुरःस्थ ग्रंथी (प्रोस्टेट) असेल तर नर. आणखी एक फसगत परजीवींमुळे होते. ट्रेमाटोड कृमींनी जननग्रंथी पोखरलेली असली की नराचं शिश्न आक्रसतं आणि सगळी मापं बिघडतात. जननग्रंथीच्या जागी नारिंगी-पांढऱ्या लवचिक पिशव्या वळवळताना दिसल्या तर तो नमुना मोजणीतून बाजूला काढा, वहीत नोंद मात्र ठेवा.

कामाची पद्धत सांगते. भरती-ओहोटीचं कोष्टक बघून अमावास्या किंवा पौर्णिमेनंतरचे एक-दोन दिवस धरा. उधाणाला गोव्यात पाणी साधारण 2 मीटरपर्यंत चढतं-उतरतं, आणि कालवांचा खालचा पट्टा तेव्हाच नीट उघडा पडतो. भांगाच्या, म्हणजे भरती-ओहोटीतला फरक कमी असतो त्या, दिवसांत जाऊन अर्धा पट्टा पाण्याखाली असताना नमुने घेतले तर तुम्ही नकळत वरच्याच गोगलगायी मोजत राहता. पावसाळ्यात जाऊ नका. नेहमी दोघी एकत्र जा आणि पाणी परत चढायला लागण्याआधी बाहेर पडा. खडप बंदराच्या हद्दीत किंवा नौदलाच्या भागात येत असेल तर विभागप्रमुखांकरवी लेखी परवानगी आधी मिळवा.

जागा एक नको, अंतराने मांडलेल्या हव्यात. बंदराच्या जवळची, मग बोगमाळोसारखी थोडी दूरची, मग काब द रामच्या बाजूची, जिथे मोठी जहाजं थांबत नाहीत. जी जागा निवडाल तिथे हीच जात सापडते याची आधी खात्री करा. दोन जागांवर दोन वेगवेगळ्या जाती मोजून तुलना करणं निरुपयोगी आहे. नेरिटा सगळीकडे मुबलक मिळते म्हणून तिच्यावर काम करायचा मोह होईल. नेरिटामध्ये इम्पोसेक्स होत नाही. प्लॅनॅक्सिसच्या तर नरालाही शिश्न नसतं, त्यामुळे तिथे बघण्यासारखं काहीच उरत नाही.

प्रत्येक जागेवरून 20 ते 30 प्रौढ नमुने पुरेत. त्याहून जास्त उचलू नका, आणि त्याच खडपावर पुन्हा वर्षभर हात लावू नका. आणलेल्या गोगलगायी 7 टक्के मॅग्नेशियम क्लोराइडच्या द्रावणात ठेवा, म्हणजे त्या शिथिल होतात. जिवंत, ताणलेल्या अंगात शिश्न आखडतं आणि लांबी चुकते. फ्रीजमध्ये गोठवलेल्या नमुन्यात माप आणखी वेगळं येतं, म्हणून सगळ्या जागांचे नमुने एकाच पद्धतीने हाताळा. कवचाची लांबी व्हर्नियरने मोजा, मग छोट्या बाकशेगड्याने (बेंच व्हाइसने) हळूच कवच फोडून अंग काढा. प्रयोगशाळेतल्या वॉच ग्लासखाली आलेखाचा कागद ठेवून भिंगाखाली शिश्न मिलिमीटरमध्ये मोजा. माद्यांच्या शिश्नाची सरासरी लांबी भागिले नरांच्या शिश्नाची सरासरी लांबी गुणिले शंभर, हा एक निर्देशांक. दुसरा, किती टक्के माद्यांमध्ये बदल आहे तो. तिसरा शुक्रवाहिनीच्या वाढीच्या पायऱ्यांचा, शून्य ते सहा. माझ्या मते तिघांत हा शेवटचा सर्वांत मोलाचा. पाचव्या पायरीवर जननछिद्र बुजतं, सहाव्यावर आत कुप्या साठतात. मादी वांझ झाली की नाही, हे शिश्नाच्या लांबीवरून कळत नाही, या पायरीवरून कळतं. नराचं शिश्न ऋतूनुसार लहान-मोठं होतं, म्हणून सगळ्या जागा एकाच महिन्यात उरका.

ज्यांना मारायचं नाही, त्यांच्यासाठी त्याच खडपावर दुसरं काम आहे. पीव्हीसी पाइपची 50 सेंटिमीटरची चौकट टाकून त्यात गोगलगायी किती, रिकामे भोकाचे शिंपले किती, आणि खडकाच्या खालच्या बाजूला चिकटलेल्या अंड्यांच्या कुप्या किती, हे मोजा. या कुप्या दाटीवाटीने उभ्या असतात, आणि बऱ्याच म्युरिसिडमध्ये एकाच जागी अनेक माद्या येऊन घालतात. कुप्यांची मोजणी मला विशेष आवडते, कारण त्यात वांझ माद्यांचा परिणाम थेट दिसू शकतो.

इथे एक गोष्ट मनात पक्की धरा. खडपावर गोगलगायी भरपूर आहेत म्हणजे खडप ठणठणीत आहे, असं नाही. न्युसेलाची पिल्लं कुपीतून बाहेर पडून तिथेच सरपटत राहतात, म्हणून तिथल्या माद्या वांझ झाल्या की ती जात त्या किनाऱ्यावरून संपते. ज्या जातींची पिल्लं पाण्यात तरंगत लांबवर जातात, तिथे उलटं होतं. आजारी खडपावर निरोगी खडपातून आलेली पिल्लं उतरत राहतात, मोठी होतात, मग स्वतः बिघडतात. बघणाऱ्याला दरवर्षी तेवढ्याच गोगलगायी दिसतात. मोजणी चांगली येते आणि तिथे एकही मादी अंडी घालत नसते. म्हणून संख्या हवीच, पण तिच्यावर थांबू नका.

आणि उलट दिशेनेही घाई करू नका. आज एखाद्या मादीत इम्पोसेक्स दिसलं म्हणून कोणी आज बंदी असलेला रंग वापरतोय, असा निष्कर्ष काढू नका. पाण्यातलं ट्रायब्युटिल टिन काही दिवसांत वा आठवड्यांत मोडतं, पण गाळात गेलेलं, विशेषतः हवा न पोचणाऱ्या काळ्या चिखलात, वर्षानुवर्षं टिकतं. गाळ उपसला की ते पुन्हा पाण्यात येतं. जहाज दुरुस्तीच्या जागी खरवडलेला जुना रंग खाली पडून राहिलेला असतो, तोही हळूहळू झरत राहतो. आता वापरात असलेल्या तांब्याच्या रंगांचे आपले वेगळे प्रश्न आहेत, पण ते या गोगलगायीच्या अंगात असे वाचता येत नाहीत.

जुनं विष आणि नवं विष वेगळं कसं करायचं, त्याला एक सोपी युक्ती आहे. एकदा फुटलेलं शिश्न त्या मादीच्या अंगावरून जात नाही. म्हणजे मोठी, वयस्कर मादी ही आधीच्या वर्षांची नोंद असते आणि नुकतीच प्रौढ झालेली लहान मादी ही अलीकडची. दोघींना एकाच रकान्यात टाकून सरासरी काढलीत तर ही सगळी माहिती पुसली जाते. कवचाच्या लांबीनुसार दोन गट करा. मोठ्या माद्यांत बदल जास्त आणि लहान माद्यांत कमी दिसला, तर खडप सुधारतंय. दोन्ही गटांत सारखाच असेल, तर विष अजून येतंय. इंग्लंडच्या किनाऱ्यांवर बंदीनंतर न्युसेला परत आल्या तेव्हा तरुण माद्यांनीच आधी ही बातमी दिली.

कालवं खाण्याबद्दल तुमच्या घरून विचारणा होईल, म्हणून एवढं सांगते. या मोजणीवरून माणसाने खावं की नाही याचा निकाल लागत नाही, त्यासाठी कालवाच्या मांसाची वेगळी रासायनिक तपासणी लागते. जहाज दुरुस्तीच्या जागेजवळची कालवं मात्र मी माझ्या घरी आणत नाही.

पहिल्या दिवशी फक्त एवढंच करा: पौर्णिमेनंतरच्या सुकतीला दोघींनी बायण्याला जा, काहीही न मारता पाच चौकटी मोजा, भोक पडलेले रिकामे शिंपले एका डबीत भरून आणा, आणि जे दगड उलटवाल ते जसे होते तसे परत पालथे घाला. त्यांच्या पोटाखाली कुप्या चिकटलेल्या असतात, आणि उन्हात उघड्या राहिल्या तर दुपारपर्यंत वाळून जातात.